सुरक्षित जागी नेलं, मग वाऱ्यावर सोडलं : अल्यूशन बेटांवरच्या ८८१ माणसांचं प्रकरण

युद्धात सामान्य माणसं शत्रूच्या हातून मरतात, बॉम्बहल्ल्यात मरतात, उपासमारीने मरतात. पण आपल्याच सरकारने ‘तुमच्या भल्यासाठी’ म्हणून सुरक्षित जागी नेल्यावर तिथे मरणारी माणसं सहसा युद्धाच्या इतिहासात मोजली जात नाहीत. दुसऱ्या महायुद्धात अलास्कातल्या अल्यूशन आणि प्रिबिलॉफ बेटांवरच्या उनांगन लोकांचं हेच झालं. नऊ गावांतली ८८१ माणसं १९४२ च्या उन्हाळ्यात बोटींत भरून आग्नेय अलास्कात नेली गेली. त्यांतली सुमारे १० टक्के परत आलीच नाहीत. त्या छावण्यांवर शत्रूने एक गोळीसुद्धा झाडली नव्हती.

या प्रकरणात मला एकच प्रश्न महत्त्वाचा वाटतो. माणसं हलवायचा निर्णय ज्याने घेतला, त्यांना हलवल्यानंतरची जबाबदारी कोणाची होती? कागदपत्रं जितकी वाचावीत तितकं एकच उत्तर समोर येतं : कोणाचीच नव्हती.

जागा आणि माणसं

अल्यूशन म्हणजे अलास्काच्या द्वीपकल्पापासून रशियातल्या कामचाटकाच्या दिशेने सुमारे १,९०० किलोमीटर पसरलेली ज्वालामुखी बेटांची माळ. उत्तरेला बेरिंग समुद्र, दक्षिणेला पॅसिफिक, आणि दोघांच्या हवेची टक्कर नेमकी बेटांवर. त्यामुळे धुकं, पाऊस आणि डोंगरावरून अचानक कोसळणारे ‘विलिवॉ’ वारे बारमाही. झाडं नाहीत. पायाखाली टुंड्राचा ओला, स्पंजासारखा थर.

उनांगन, म्हणजे रशियनांनी ज्यांना अल्यूत म्हटलं ते लोक, इथे हजारो वर्षांपासून राहतात. अठराव्या शतकात रशियन फर-व्यापारी आले. त्यांच्यामागून रोगराई, सक्तीची मजुरी आणि ऑर्थोडॉक्स चर्चही आलं. १८६७ मध्ये अलास्का अमेरिकेकडे गेलं. गावागावांतलं चर्च मात्र टिकलं आणि लोकांच्या जगण्याचा गाभा बनलं. प्रिबिलॉफच्या दोन बेटांवर, सेंट पॉल आणि सेंट जॉर्जवर, आणखी एक गोष्ट होती : फर सील. त्यांच्या कातड्यांच्या धंद्यातून अमेरिकन सरकारला थेट उत्पन्न मिळे. १९२४ पासून उनांगन लोक कायद्याने अमेरिकन नागरिक होते. प्रिबिलॉफवर मात्र सरकारी अधिकारी त्यांना आश्रितांसारखंच वागवत. काम काय करायचं, रेशन किती मिळायचं, बेट सोडायची परवानगी द्यायची की नाही, हे सगळं तेच ठरवत.

जून १९४२ : अट्टू

३ आणि ४ जूनला जपानी विमानवाहू नौकांवरच्या विमानांनी उनालास्काजवळच्या डच हार्बरवर बॉम्ब टाकले. ६ तारखेला जपानी सैनिक किस्का बेटावर उतरले, ७ ला माळेच्या पश्चिम टोकावरच्या अट्टूवर. किस्कावर अमेरिकन नौदलाच्या हवामान केंद्रातले दहा जण होते. अट्टूवर गाव होतं. चाळीस-बेचाळीस उनांगन माणसं, शाळेत शिकवणाऱ्या एटा जोन्स आणि रेडिओ व हवामानाच्या नोंदी सांभाळणारे त्यांचे पती चार्ल्स. दोघंही साठीच्या आसपासची.

चार्ल्स जोन्स जपानी ताब्यात मारले गेले. एटा यांना जपानला नेलं. तिथे न्यू गिनीजवळच्या रबाउलला पकडलेल्या ऑस्ट्रेलियन परिचारिकांसोबत त्यांनी युद्ध संपेपर्यंतचा काळ काढला. गावकऱ्यांना सप्टेंबरमध्ये होक्काइदोवरच्या ओतारू शहरात हलवलं. तिथे त्यांना माती खोदायच्या कामाला लावलं. जेवण अपुरं, आणि क्षयाने घरंच्या घरं पोखरली. गावप्रमुख माइक होडिकॉफ तिथेच वारले. जे नेले त्यांतले जवळपास निम्मे जपानातून परतले नाहीत. आणि जे परतले त्यांनाही अट्टू पुन्हा मिळालं नाही. तुम्ही आता फार थोडे उरलात, तुमच्यासाठी नवं गाव उभारणं परवडणार नाही, असं सांगून सरकारने त्यांना अटका बेटावर वसवलं.

अट्टूची ही हकीकत आधी सांगायला हवी, कारण पुढच्या सगळ्या निर्णयांचं समर्थन तिच्याच आधाराने केलं जातं. अट्टूचं काय झालं बघा, मग बाकीच्यांना हलवलं ते बरंच झालं की. या युक्तिवादात तथ्य आहे. पण किती, ते पुढे पाहू.

निर्णय नावाची चालढकल

जपानी हल्ल्याचा धोका पर्ल हार्बरनंतर, डिसेंबर १९४१ पासूनच सगळ्यांना दिसत होता. पुढचे कित्येक महिने गृहखातं (अमेरिकेत हे खातं सरकारी जमिनी, वन्यजीव आणि आदिवासी जमातींचं काम बघतं), त्याच्या हाताखालचा, अमेरिकेतल्या आदिवासींसाठीचा ‘इंडियन अफेअर्स’ विभाग, अलास्काचे गव्हर्नर अर्नेस्ट ग्रूनिंग आणि सैन्य-नौदल यांच्यात चर्चा चालू राहिली. ग्रूनिंग यांचं मत असं की या लोकांना त्यांच्या परिसरातून उपटलं तर युद्धाच्या धोक्यापेक्षा जास्त नुकसान होईल. सैन्याला नागरिक वाटेत नको होते. गृहखात्याला खर्च कोण करणार ते कळत नव्हतं. सगळे एकमेकांकडे बघत बसले, आणि तेवढ्यात बॉम्ब पडले.

मग जे झालं ते तासांच्या हिशेबाने झालं. १२ जूनला अटका बेटावर नौदलाच्या माणसांनी गाव पेटवलं. जपान्यांच्या हाती निवारा लागू नये म्हणून घरं जाळली, आणि त्याच आगीत चर्चही गेलं. लोक त्या वेळी मासेमारीच्या तळांवर पांगलेले होते. ६२ जणांना जहाजावर घेतलं, उरलेल्या २१ जणांना नंतर विमानाने आणलं. प्रिबिलॉफच्या दोन्ही बेटांना काही तासांची मुदत मिळाली. माणशी एक बॅग. ‘डेलारॉफ’ या लष्करी वाहतूक जहाजावर प्रिबिलॉफची आणि अटकाची मिळून ५६० माणसं कोंबली. जुलैत उनालास्का आणि आजूबाजूच्या लहान गावांची पाळी आली.

उनालास्कातली गोष्ट सगळ्यांत बोलकी आहे. तिथे गोरे नागरिकही राहत होते. बॉम्ब त्यांच्याही डोक्यावर पडले होते. पण हलवलं फक्त उनांगनांना. आदेशात निकष होता रक्ताचा : एक-अष्टमांश जरी स्थानिक रक्त असलं तरी जावंच लागेल. गोरा नवरा मागे राहिला आणि उनांगन बायकोला बोटीत चढावं लागलं, असंही घडलं. धोक्यापासून वाचवणं हा खरोखरच हेतू असता तर निकष पत्त्याचा असता, रक्ताचा नसता. या माणसांवर हेरगिरीचा संशयसुद्धा नव्हता. जपानी वंशाच्या अमेरिकनांना छावण्यांत टाकताना निदान तो आरोप तरी पुढे केला होता. इथे काहीच नव्हतं. ही माणसं आपल्यासारखी नाहीत, त्यांना कुठेही ठेवलं तरी चालतं, एवढीच समजूत होती.

फंटर बे

अलास्काची राजधानी जूनोजवळच्या अ‍ॅडमिरल्टी बेटावर फंटर बे नावाची खाडी आहे. सेंट पॉलच्या लोकांना तिथल्या वापरात नसलेल्या मासे डबाबंद करण्याच्या कारखान्यात उतरवलं, सेंट जॉर्जच्या लोकांना खाडीच्या दुसऱ्या बाजूच्या सोन्याच्या खाणीच्या जागेत. कारखान्याच्या इमारती उन्हाळ्यातल्या हंगामी मजुरांसाठी बांधलेल्या होत्या. फळ्यांमधून वारा येई, जमीन काही ठिकाणी कुजलेली. खोल्या नव्हत्याच. कुटुंबांनी दोऱ्यांवर घोंगड्या टांगून आपापली जागा आखून घेतली. वीज नाही, नळ नाही. शौचाची सोय किनाऱ्यावर, भरतीच्या पाण्याच्या भरवशावर. पिण्याचं पाणी गढूळ. मोठी माणसं आणि पोरं कातडीच्या रोगांनी खाजवत बसलेली, त्यातच गोवर, न्यूमोनिया आणि क्षय.

आणि भोवती झाडं. ज्यांनी जन्मात जंगल पाहिलं नव्हतं, ज्यांना दाराबाहेर पडताच समुद्र आणि क्षितिज दिसायची सवय होती, त्यांच्या डोक्यावर स्प्रूसचं घनदाट, ठिबकतं रान आलं. सीलचं मांस नाही, आपल्या होड्या नाहीत, ओळखीच्या माशांच्या जागा नाहीत. पोट भरायची जी कला हजारो वर्षांत अंगवळणी पडली होती, ती इथे निकामी झाली. सरकारी कागदांत या नुकसानीचा रकाना कुठेच नव्हता.

सेंट पॉलच्या बायकांनी ऑक्टोबर १९४२ मध्ये एक अर्ज लिहिला. इंग्रजी मोडकंतोडकं, पण म्हणणं लख्ख. ही जागा कुठल्याही जिवंत प्राण्याने राहण्याजोगी नाही, पाणी घाण आहे, मुलं आजारी पडताहेत, आम्हाला दुसरीकडे न्या. उपयोग झाला नाही. १९४३ च्या शरद ऋतूत अलास्काचे अ‍ॅटर्नी जनरल हेन्री रोडेन तिथे गेले आणि जे पाहिलं त्याचं वर्णन करायला आपल्याकडे शब्द नाहीत, असं त्यांनी गव्हर्नरांना कळवलं. प्रांताच्या आरोग्य खात्याच्या डॉक्टर बर्नेटा ब्लॉक यांनी पहिल्याच इमारतीत पाऊल ठेवल्यावर मलमूत्राच्या वासाने आत जाणं कसं अवघड झालं, मेणबत्त्यांच्या उजेडात माणसं कशी राहत होती, ते नोंदवलं. म्हणजे सव्वा वर्षाने का होईना, माहिती वरपर्यंत पोचली होती. माहिती नव्हती हा बचाव इथे चालत नाही.

बाकीच्या छावण्यांबद्दल थोडक्यात सांगतो. अटकाचे लोक किलिस्नूला, हेरिंग माशांच्या जुन्या कारखान्यात. निकोल्स्की, अकुटान, बियोर्का, काशेगा आणि माकुशिनचे लोक केचिकन शहराजवळच्या वॉर्ड लेकला. तिथे शहरातल्या काही मंडळींनी हे लोक रोग पसरवतील म्हणून त्यांना हटवा अशी मागणी केली. उनालास्काचे लोक बर्नेट इनलेटला. तऱ्हा सगळीकडे तीच.

सैनिकांचं काय झालं

आता त्याच बेटांवर लढणाऱ्यांकडे वळू, कारण दोन्हीकडचा दोष एकाच मुळातून आलेला मला दिसतो.

११ मे १९४३ ला अमेरिकेची सातवी इन्फन्ट्री डिव्हिजन अट्टूवर उतरली. ही डिव्हिजन मुळात वाळवंटातल्या लढाईसाठी कॅलिफोर्नियात तयार झालेली. मोहीम तीन दिवसांत उरकेल असा अंदाज होता. प्रत्यक्षात जवळपास तीन आठवडे लागले. सैनिकांच्या पायांत चामड्याचे बूट होते. टुंड्रावर दोन पावलं टाकली की बूट पाण्याने भरत. खंदक खणला की त्यात पाणी साचे आणि माणूस रात्रभर त्यातच बसे. सकाळी बूट काढायचा तर पाय सुजून निळे-काळे पडलेले. अमेरिकेचे ५४९ सैनिक लढाईत मेले, सुमारे १,१५० जखमी झाले, आणि थंडीने व ओलीने पाय-बोटं गमावलेल्यांची, निकामी झालेल्यांची संख्या जवळपास १,२००. शत्रूच्या गोळीने जेवढे जखमी झाले, तेवढेच बूट आणि कपड्यांच्या चुकीने.

आणि त्याच बेटांवरच्या माणसांनी सी-लायनच्या आतड्यांच्या पट्ट्या एकाला एक शिवून हलका, पाण्याचा थेंब आत न येऊ देणारा झगा बनवायची कला केव्हाच पूर्णत्वाला नेली होती. कॅम्लीका म्हणतात त्याला. या जमिनीवर आणि या पाण्यात कसं जगायचं हे ज्यांना माहीत होतं, ती माणसं त्या वेळी फंटर बेच्या कारखान्यात खोकत पडली होती. उनांगन तरुणांपैकी पंचवीस जण सैन्यात होते, आणि त्यांतले तिघे अट्टूच्या मोहिमेत होते. एवढ्या अवाढव्य यंत्रणेने स्थानिक ज्ञानाचा जो उपयोग करून घेतला तो एवढाच.

जपानी बाजूची गत याहून वाईट. कर्नल यासुयो यामासाकी यांच्या हाताखालचे अडीच हजारांच्या आसपास सैनिक बेटावर अडकले. रसद तुटलेली, सुटकेची आशा नाही. २९ मेच्या पहाटे उरलेल्यांनी अमेरिकन फळीवर शेवटचा हल्ला चढवला. जिवंत पकडले गेले तीसहून कमी. मेलेल्यांत पॉल नोबुओ तात्सुगुची हे लष्करी डॉक्टर होते. हिरोशिमात जन्मलेले, कॅलिफोर्नियात वैद्यक शिकलेले, ख्रिस्ती. त्यांची रोजनिशी अमेरिकन सैनिकांना सापडली. शेवटच्या नोंदीत इस्पितळातल्या हलू न शकणाऱ्या रुग्णांना संपवल्याचा उल्लेख आहे, आणि बायकोला व मुलींना शेवटचा निरोप. धाकट्या मुलीला त्यांनी कधी पाहिलंच नव्हतं. आजारी, जखमी माणूस म्हणजे यंत्रणेला नकोसं ओझं, हा विचार दोन्ही झेंड्यांखाली वेगवेगळ्या रूपांत दिसतो. जपानी सैन्यात तो उघड आणि भीषण होता. अमेरिकन छावण्यांत तो दुर्लक्षाच्या रूपात होता.

वीस महिने

या प्रकरणातला माझ्या दृष्टीने निर्णायक मुद्दा आता येतो.

२८ जुलै १९४३ ला धुक्याचा फायदा घेऊन जपानी आरमाराने किस्कावरचे ५,१८३ लोक तासाभरात बोटींवर चढवले आणि निघून गेले. १५ ऑगस्टला अमेरिकन आणि कॅनेडियन मिळून सुमारे ३४,००० सैनिक रिकाम्या बेटावर उतरले. धुक्यात आपल्याच माणसांवर गोळ्या झाडल्या गेल्या, सापळे फुटले, ‘अबनर रीड’ ही विनाशिका पाणसुरुंगावर आदळून सत्तरेक खलाशी गेले. शत्रू नसलेल्या बेटावर तीनशेहून जास्त जण मेले किंवा जखमी झाले.

म्हणजे ऑगस्ट १९४३ नंतर अल्यूशन बेटांवर एकही जपानी सैनिक उरला नव्हता. ज्या धोक्यापासून वाचवायला लोकांना हलवलं, तो धोका संपला. तरी अटका, उनालास्का, निकोल्स्की, अकुटानचे लोक घरी पोचले कधी? एप्रिल १९४५ मध्ये. वीस महिन्यांनी. बोटी नाहीत, कोळसा नाही, घरं नादुरुस्त आहेत, सैन्य अजून तिथे आहे, एकेका खात्याकडून एकेक कारण निघत राहिलं. सुरुवातीचं स्थलांतर घाईगर्दीत झालं हे मान्य करता येईल. शत्रू येऊन ठेपला होता. या वीस महिन्यांना असलं कुठलंच कारण नाही.

आणि एका कामासाठी मात्र बोटी मिळाल्या. १९४३ च्या उन्हाळ्यात प्रिबिलॉफच्या पुरुषांना फंटर बेमधून उचलून सेंट पॉलला नेण्यात आलं, सील मारायला. बायका-मुलं छावणीतच. त्या एका हंगामात एक लाखाहून अधिक कातडी निघाली. काही लोकांना त्याआधी जूनोमध्ये पगाराची चांगली कामं मिळाली होती. आपले मजूर हातचे निसटतील ही धास्ती सील विभागाच्या अधिकाऱ्यांना होती, आणि हंगामासाठी परत यावं म्हणून दबाव आणला गेला. कातड्यांसाठी बेट पुरेसं सुरक्षित होतं, त्याच बेटावर राहणाऱ्या कुटुंबांसाठी नव्हतं. प्रिबिलॉफची कुटुंबं शेवटी मे १९४४ मध्ये घरी पोचली, बाकीच्यांच्या वर्षभर आधी. सीलचा धंदा नसता तर त्यांनाही एप्रिल १९४५ ची वाट पाहावी लागली असती, असं माझं मत आहे.

स्थलांतर योग्य होतं का?

इथे सरसकट उत्तर देणं मला चुकीचं वाटतं. अटका हलवणं समजण्यासारखं होतं. पश्चिमेला अट्टू-किस्का गेले होते, जपानी टेहळणी विमानं येत होती, आणि अट्टूच्या लोकांचं पुढे काय झालं ते आपल्याला माहीत आहे. गाव जाळणं मात्र मला पटत नाही. प्रिबिलॉफ बेटं उत्तरेला बेरिंग समुद्रात दूर आहेत. तिथला धोका कमी होता, पण जून १९४२ च्या गोंधळात कोणी सावधपणाच्या बाजूने चूक केली तर मी ती समजू शकतो. उनालास्काचं समर्थन कुठल्याही बाजूने करता येत नाही. तिथे हजारो सैनिक होते, गोरे नागरिक राहिले, आणि गेले फक्त ते ज्यांच्या अंगात अमुक इतकं रक्त होतं.

पण स्थलांतराचा निर्णय बरोबर की चूक, या वादात मूळ दोष झाकला जातो. अटकाचा निर्णय शंभर टक्के बरोबर धरला तरी किलिस्नूत मेलेल्यांचं काय? माणसं बोटीतून उतरवण्याआधी चार गोष्टी ठरायला हव्या होत्या : राहण्याची जागा कोण तपासणार, डॉक्टर कोण देणार, अन्न आणि कामाचं काय, आणि परत कधी, कोणत्या अटीवर न्यायचं. सैन्याने म्हटलं, आमचं काम हलवायचं होतं, ते झालं. गृहखात्याने म्हटलं, निर्णय आमचा नव्हता, आणि पैसेही नाहीत. अलास्काच्या प्रशासनाने म्हटलं, हे केंद्राचे आश्रित. तिन्ही वाक्यं आपापल्या जागी खरी होती, आणि त्यामुळेच माणसं मेली.

परतल्यावर

घरी आल्यावर काय दिसलं? आपल्याच देशाच्या सैनिकांनी घरं फोडलेली. खिडक्या-दारं गेलेली, भांडीकुंडी, होड्या, शिकारीची हत्यारं गायब, चर्चमधल्या जुन्या रशियन मूर्तिचित्रांची लूट झालेली. माकुशिन, काशेगा, बियोर्का ही गावं पुन्हा टिकाव धरून उभी राहिलीच नाहीत. अट्टू धरून चार गावं या युद्धाने नकाशावरून पुसली, आणि त्यांतली फक्त एकच शत्रूच्या हातात पडलेली.

१९८० मध्ये अमेरिकन काँग्रेसने युद्धकाळातल्या स्थलांतराची आणि नजरकैदेची चौकशी करायला आयोग नेमला. जपानी अमेरिकनांसोबत उनांगनांचीही साक्ष त्यात झाली. आधी या विषयावर घरातसुद्धा न बोलणारी म्हातारी माणसं आयोगापुढे बोलली. १० ऑगस्ट १९८८ ला रेगन यांनी सही केलेल्या कायद्याने हयात असलेल्या प्रत्येक उनांगन स्थलांतरिताला १२,००० डॉलर ठरवले. जपानी अमेरिकनांना माणशी २०,००० होते. शिवाय समाजासाठी न्यास, चर्चच्या नुकसानीची भरपाई, आणि अट्टूच्या जमिनीपोटी १.५ कोटी डॉलरपर्यंतची तरतूद. २०१७ मध्ये, ७५ वर्षांनी, प्रिबिलॉफचा कारभार तेव्हा ज्यांच्याकडे होता त्या फिश अँड वाइल्डलाइफ सर्व्हिसने माफी मागितली. फंटर बेची दफनभूमी आता अलास्काच्या राज्य उद्यानाच्या संरक्षणात आहे.

वैयक्तिक भरपाई फक्त कायदा झाला त्या दिवशी जिवंत असलेल्यांना होती. फंटर बेत, किलिस्नूत, वॉर्ड लेकला गेलेल्यांच्या वारसांना त्यातून काही मिळालं नाही. परतल्यानंतरच्या चार दशकांत जे गेले, त्यांच्या मुलांनाही नाही. ज्यांचं नुकसान सगळ्यांत मोठं होतं, त्यांचीच नावं त्या यादीत नव्हती.